कपाळावरची चूल

११ मार्च, मंगळ.
सकाळी तात्यापाऱ्यातल्या दवाखान्यात नेहमीची गर्दी. खाज, नायटा, केस गळणं. सदर बाजारातल्या एका सराफाचा पोट्टा मनगटावरचं नाव काढून घ्यायले आला. लग्न दुसरीशी ठरलं म्हणे. हसून हसून सांगून राहिला. रायपुरात लेझर नव्हतं तेव्हा असे लोक नागपूरले जात, आता माझ्याकडं येतात.

दुपारी सरिता मॅडम एका पोरीले घेऊन आल्या. त्यांची संस्था जंगलातल्या पोरींले हॉटेलात, विमानतळावर नोकरीसाठी तयार करते. मागं एकदा मीच बोलून गेली होती, कोणाले गरज असली तर गोंदण फुकट काढून देईन. तर ही पहिली. फुलमती. बैगा आदिवासी, कवर्ध्याकडच्या डोंगरातली. एकोणीस-वीसची असेल. कपाळाच्या मधोमध गोंदण. उलट्या टोपीसारख्या दोन रेघा, आत ठिपके. छातीवर बॅज, त्यावर 'पूजा'.

मी म्हटलं, पूजा काहून? सरिता मॅडम म्हणाल्या, "फुलमती थोड़ा गाँव-गाँव लगता है ना डॉक्टर साहब. और ये माथे वाला तो इंटरनॅशनल स्टँडर्ड में बिलकुल नहीं चलता."

पोरीले बाजूले घेऊन विचारलं, तुले स्वतःले पाहिजे का? "हटा दीजिए." तेवढंच. डोळ्यांवर झाकणं ठेवली, मशीन सुरू केलं. रेघ लेझर लागल्याबरोबर पांढरी फटक होते, जळाल्याचा वास येतो, मोठमोठे माणसं हात झटकतात. ही हलली नाही.

नियमाप्रमाणं आधीचा फोटो काढून ठेवला होता.

घरी येताना बरं वाटलं. खोटं काहून लिहू, फार बरं वाटलं.

१६ मार्च, रवि.
जेवताना बाबाले सांगितलं. बाबा रेल्वेतून रिटायर होऊन वीस वर्षं झाली, आई गेल्यापासून माझ्याजवळच राहतात. खूश झाले. म्हणाले, "चांगलं केलं. आम्ही टाकलं म्हणून तू डॉक्टर झाली. तुह्या आजीनं देव नदीत सोडले, गावकी सोडली, मेलेलं ढोर ओढणं सोडलं. मांगं पाह्यलं असतं त अजून भंडाऱ्याकडंच राह्यलो असतो, गावाच्या भाईर."

दीक्षेची गोष्ट बाबांनी हजार वेळा सांगितली असेल. पण प्रत्येक वेळी पाठ सरळ होते त्यांची.

माझ्या पोरीची, तनूची, बारावीची परीक्षा संपायची आहे. पोळी घेता घेता म्हणाली, "नानू, लोग पैसे देके टॅटू बनवाते हैं, और आप बोल रहे हटाओ." बाबा मराठीत बोलतात, ती हिंदीत उत्तर देते, दोघांचं चांगलं चालते. बाबा म्हणाले, "जो आपल्या मर्जीनं गोंदून घेते त्याची गोष्ट अलग हाय, पोरी."

हे बरोबरच आहे.

३० एप्रिल
सिटिंग २. फुलमती एकटीच आली ई-रिक्षानं. उन्हानं तोंड लाल. निम्मं फिकं झालंय. कोरं काजळ असते गावठी गोंदणात, ते लवकर फुटते. पार्लरच्या रंगीत शाईपेक्षा सोपं काम.

आज बोलली. होस्टेलमधल्या दुसऱ्या पोरी 'बैगिन, बैगिन' करतात. गाडीत एका बाईनं न विचारता तिचा फोटो काढला, मग नवऱ्याले दाखवला. तिच्या समोर. मी म्हटलं, राग आला? "नहीं, शरम आई. फिर शरम आने का गुस्सा आया."

मग सांगितलं की तिच्याकडं याले चुल्हा म्हणतात. चूल. पोरगी सात-आठ वर्षांची झाली की थंडीत बदनीन येते, म्हणजे गोंदणारी बाई, अन् पहिली कपाळावर चूल काढते. "तीन औरतें पकड़ के बैठी थीं. एक मेरे पाँव पर. मैं चिल्ला रही थी और नानी गाना गा रही थी." मग म्हणाली, "तब मुझसे किसी ने पूछा था क्या?"

हे वाक्य घेऊन मी घरी आली. स्वयंपाक करताना, कपडे वाळत घालताना तेच. तब मुझसे किसी ने पूछा था क्या. मले फार उपयोगाचं वाटलं ते. कशासाठी उपयोगाचं, तेव्हा विचार केला नाही.

२१ जून
सि. ३. जवळजवळ गेलं. पण काळ्याच्या जागी थोडी पांढुरकी छटा येऊन राहिली, त्याच आकारात. आपल्या रंगाच्या कातडीत होते असं कधीकधी. आधी सांगितलं होतं मी तिले. सांगितलं होतं ना? हो, सांगितलं होतं. मलम दिलं.

सरिता मॅडमचा फोन. वार्षिक कार्यक्रमासाठी आधीचा-नंतरचा फोटो पाहिजे. फुलमती समोरच बसली होती. मी विचारलं, "फोटो दें तो चलेगा ना?" ती म्हणाली, "हव." दिला.

५ जुलै
कार्यक्रम. बॅनर स्टेजच्या मागं, पूर्ण भिंतभर. डावीकडं फुलमती गोंदणवाली, केस विस्कटलेले, पहिल्या दिवशीची, घाबरलेली. उजवीकडं फुलमती अंबाडा घालून, लिपस्टिक लावून. मधात मोठा पिवळा बाण. खाली माझं नाव, डिग्रीसकट.

माझे फोटो दवाखान्याच्या पांढऱ्या दिव्यात काढलेले असतात. पण उजवीकडचा फोटो माझा नव्हताच. त्यांनी मेकअप करून वेगळा काढला. म्हणजे लोकांले वाटणार लेझरनं पोरगी गोरी पण झाली.

मले शाल दिली, नारळ दिला. टाळ्या. कोणीतरी भाषणात म्हटलं, अंधेरे से उजाले की ओर. बाजूच्या खोलीत चहा होता, तिथं भिंतीवर ट्रेनिंगचा चार्ट. एका गोऱ्या परदेशी बाईचा चेहरा, त्याले चहूकडून बाण. भुवया अशा, केस असे, दात असे. खाली पोरींच्या ओळीनं खुर्च्या. बैगा, गोंड, उरांव, सगळ्या त्या चार्टकडं तोंड करून बसत असतील रोज.

फुलमती पहिल्या रांगेत होती. बॅनरकडं तिनं एकदाही पाहिलं नाही. मी पाहिलं नाही असं मात्र म्हणता येत नाही. तनूनं फोटो काढले, मी हसून राहिली त्यात. सगळ्या नातेवाइकांच्या ग्रुपवर गेले. नागपूरच्या मावशीनं पाच हात जोडून पाठवले.

१२ जुलै
काही विशेष नाही. पाऊस. शाल कपाटात ठेवली.

१९ ऑगस्ट, मंगळ.
सगळं क्रमानं लिहिते.

सकाळी दवाखान्याच्या जिन्यावर एक बाई बसली होती. लहानखुरी, गुडघ्यापर्यंत लुगडं, ओल्या पायांनी. माझी रिसेप्शनवाली रीना म्हणाली, "मैडम, अपॉइंटमेंट नहीं है, हट भी नहीं रही." बाईनं मान वर केली. कपाळावर चूल. गळा, दंड, पोटऱ्या, सगळं गोंदलेलं. मले तिचं नाव विचारायची गरज पडली नाही, तरी विचारलं. मंगलिन. फुलमतीची आई.

गावातल्या मितानिनबाईनं, म्हणजे औषधं वाटणाऱ्या बाईनं मोबाईलवर बॅनर दाखवला तिले. फुलमतीनं घरी काहीच सांगितलं नव्हतं. पाच महिने ओढणी कपाळावर ओढून व्हिडिओ कॉल करत होती. बॅनरवरचं माझं नाव त्या बाईनं वाचून दिलं, ते तोंडपाठ करून मंगलिन बसनं रायपूरले आली अन् विचारत विचारत तात्यापाऱ्यात पोचली.

आत बोलावलं. खुर्चीवर नाही बसली, जमिनीवर बसली. मग मी पण खाली बसली.

"तैं निकाले हस?" तूच काढलं का.

"हव," मी म्हटलं.

मले वाटलं आता ओरडेल. मी तयारीत होती. फुलमतीची मर्जी होती, ती सज्ञान आहे, तिनं सही केली आहे, सगळं ओठांवर.

तिनं विचारलं, "त धरे हस कहां?"

काढलं, तर ठेवलं कुठं?

मले समजलं नाही. तिनं हात पुढं केला, ओंजळ नाही, नुसता तळवा. "दे दे मोला. मैं ले जाहूं."

ती तिच्या पोरीची चूल परत न्यायले आली होती. तिले वाटलं मी सोलून, उचलून कुठंतरी ठेवली असेल. डबीत, काचेत. दवाखान्यात ठेवतात ना काही काही. घरी नेऊन काय करणार होती ते मी विचारलं नाही. विचारायले पाहिजे होतं.

मी समजावून सांगितलं, हिंदीत, मध्ये मध्ये छत्तीसगढी. की उजेडानं काजळाचे बारीक तुकडे होतात, अंगच ते हळूहळू उचलून नेते. ती ऐकत होती. म्हणाली, फुलमतीची मेलेली नानी वर बसली आहे, ही तिथं गेली की नातीले शोधेल. "कइसे चिन्हही?" कशी ओळखेल?

तेव्हा मी म्हटलं, सगळं जात नाही. थोडे कण अंगातच राहतात, मानेजवळच्या गाठींत जाऊन बसतात, कायमचे. हे खरं आहे. पुस्तकात आहे. पण मी ते पुस्तकासाठी नाही सांगितलं. मी ते स्वतःले सोडवण्यासाठी सांगितलं, अन् सांगताना मले ते कळत होतं.

मंगलिननं विचार केला. मग म्हणाली, "भीतरी के ला कोन देखही?"

आतलं कोण पाहणार.

दुपारी बाबा दवाखान्यात आले, मी जेवायले घरी आली नाही म्हणून. बाईले पाहिलं. रेल्वेत तीस वर्षं छत्तीसगढी बोलले, तिच्याशी असे बोलले जसे कालचीच ओळख. घरी घेऊन गेले. ती वरण-भात जेवली.

२० ऑगस्ट
मंगलिन रात्री आमच्याकडं राहिली. पलंगावर नको म्हणाली, गॅलरीत झोपली. सकाळी फुलमतीले बोलावलं.

पोरगी युनिफॉर्मवर आली, केसांचा अंबाडा. आई उठली, तिच्या कपाळावर अंगठा फिरवला. वर-खाली, वर-खाली, रेघ होती तिथूनच बरोबर. धूळ पुसावी तसा. फुलमतीनं आधी सहन केलं, मग हात झिडकारला. त्यांच्या बोलीत भांडण झालं, मले अर्धं समजलं. शेवटी हिंदीत ओरडली, बहुतेक मले ऐकू यावं म्हणून. "मैंने करवाया है, माँ. मैंने. डॉक्टर को कुछ मत बोल."

माझी बाजू तिनं घेतली. माझ्या घरात, माझ्यासमोर.

आई शांत झाली. बाबांकडं पाहून बोलली, माझ्याकडं नाही. "जंगल ल अंगरेज लेगिस. बेवर बंद करिस. फेर बघवा के नांव म गांव ले निकालिन. देहें भर बांचे रिहिस."

बाबांनी मले मराठीत सांगितलं, जशी मले छत्तीसगढी येतच नाही. "इंग्रजायनं जंगल नेलं. झाडं जाळून राखेत बी फेकत होते हे लोक, त्याले बेवर म्हणतात, ते बंद केलं, नांगर धरा म्हणे. मंग वाघासाठी गाव उठवलं. अंगच बाकी होतं, म्हणते."

दुपारच्या बसनं गेली. फुलमती तिले सोडायले गेली. दोघी एका ई-रिक्षात, तोंडं दोन बाजूले.

२१ ऑगस्ट
बाबांचा सकाळपासून मूड नाही. संध्याकाळी मीच म्हटलं, बाबा, तुम्हीच म्हणाले होते ना चांगलं केलं.

"हो म्हटलं होतं."

"मग?"

म्हणाले, "आम्ही जे टाकलं ते आमच्या डोक्यावर मारलेलं होतं. दुसऱ्यायनं मारलेलं. ते आम्ही टाकलं, आमच्या माणसाचं ऐकून टाकलं, सगळ्यायनं मिळून. या पोरीचं तिच्या आजीनं गोंदवलेलं हाय." पेपर बाजूले ठेवला. "अन् आमचा कोणी फोटो नव्हता लावला, बाण मारून."

मग आजीचं सांगितलं. हे मले माहीत नव्हतं. आजीच्या दोन्ही दंडांवर गोंदण होतं. देव सोडले पण हे कसं सोडणार, म्हणून दीक्षेनंतर कोपरापर्यंत बाह्यांची चोळी शिवून घातली, जन्मभर. उन्हाळ्यात पण. ती गेली तेव्हा आंघोळ घालताना आत्यानं बाह्या वर केल्या. "मी तेव्हा पयल्यांदा पाह्यलं. मोर होते दोन."

मी विचारलं, तिनं काढून घेतलं असतं का, लेझर असतं तर? बाबा म्हणाले, "घेतलंच असतं. पण तू कायले विचारतं मले? तिलेच कोणी इचारलं नाही."

आता मी काय समजू यातून. बाबा पण सरळ काही सांगत नाहीत.

२ सप्टें.
संस्थेत गेली. बॅनर स्टेजवरून काढून फाटकाशी लावलं आहे, रस्त्यावरून दिसते. म्हटलं, काढा. सरिता मॅडम वाईट बाई नाही. पोरींच्या तापात रात्ररात्र बसते. म्हणाली, "इसको देख के कितने माँ-बाप लड़कियाँ भेज रहे हैं, आपको पता है?" मी म्हटलं, एक आई मले पण भेटून गेली. ती म्हणाली, सुरुवातीले सगळेच रडतात, मग पगार घरी जाते.

तेही खोटं नाही.

निघताना सांगितलं की आता नियमच केला आहे. पुढच्या बॅचले चेहरा क्लीन असल्याशिवाय समोरच्या कामाले पाठवणार नाही. "आपके कारण ही हो पाया." माझ्यामुळं. आभार मानून राहिली होती.

१५ सप्टें.
तीन पोरी पाठवल्या. एकेकीले आत घेऊन दार लावून विचारलं. दोघी म्हणाल्या करायचं आहे, अन् पक्क्या होत्या. केलं. मंगलिन आल्यापासून बंद करायचं मनात होतं ना माझ्या? पण त्यांनी डोळ्यांत डोळे घालून सांगितलं. मी कोण नाही म्हणणारी.

तिसरी बुधियारिन. हनुवटीवर तीन ठिपके, कपाळावर चूल. म्हणाली, "करना पड़ेगा ना?" मी म्हटलं, पडेल-बिडेल सोड, तुले पाहिजे का? खूप वेळानं मान हलवली. नाही.

मी संस्थेच्या नावानं चिठ्ठी लिहिली. की या मुलीची त्वचा लेझरले योग्य नाही, वण वाढतील, करू नये. साफ खोटं. तिची कातडी एकदम चांगली आहे. लिहिताना मात्र वाटलं की आज काहीतरी बरोबर केलं.

१ ऑक्टो.
बुधियारिन आली. एकटी, पायी. मले वाटलं आभार मानायले.

तिले हॉटेलच्या धुलाईघरात टाकलं. तळघरात, चादरी. बाकी दोघी समोर, रिसेप्शनले. ते तर मी समजू शकत होती, असं होईल याचा विचार आधी करायले पाहिजे होता, तो केला नाही. पण ती त्यासाठी आली नव्हती.

"दीदी, आपने लिख दिया कि मेरी चमड़ी खराब है. अब कोई मेरा टॉवेल नहीं छूता."

होस्टेलात पसरलं की तिले कातडीचा रोग आहे. मी लगेच दुसरी चिठ्ठी लिहून दिली, कोणताही रोग नाही, पहिली काळजीपोटी लिहिली होती. तिनं घडी करून ब्लाऊजात ठेवली. म्हणाली, "अब ये दिखाऊँगी तो बोलेंगे, फिर हटवा ले."

मी तिच्यासमोर रडली. ते पण चूकच. तिलेच मले पाणी द्यावं लागलं.

४ ऑक्टो.
सरिता मॅडमले स्वतः जाऊन खरं सांगितलं. चिठ्ठी खोटी होती, पोरीले नको होतं, म्हणून. रागावली. बरोबरच आहे तिचं. "आप मुझसे बोलतीं, मैं समझती. आपने झूठ क्यों लिखा?" खरं बोलून भांडायले हिंमत लागते, खोट्या चिठ्ठीले लागत नाही.

बुधियारिनले परत समोर घ्या म्हटलं, ठिपक्यांसकट. विचार करते म्हणाली. फुकटचं काम मी बंद केलं. यापुढं ती पोरींले दुसऱ्या दवाखान्यात पाठवेल.

१८ ऑक्टो.
रस्त्यानं जाताना दिसलं. बॅनर तिथंच. खालचं माझं नाव कापून टाकलं आहे, कात्रीनं, वाकडंतिकडं. फुलमती दोन्हीकडून पाहून राहिली आहे, रस्त्याकडं.

मी गाडी थांबवली नाही.

२३ ऑक्टो.
बुधियारिन गावाले निघून गेली म्हणे. सरिता मॅडमनं तिले परत बोलावलं होतं, समोरच्या कामाले, ठिपके राहू दे म्हणून. ती आली नाही. कोणामुळं, काही सांगता येत नाही. म्हणजे माझ्यामुळं.

९ नोव्हें., रवि.
माझ्या नवऱ्याच्या, नितीनच्या, भिलाईच्या साहेबाच्या पोरीचं लग्न, बुधियारिन होती त्याच हॉटेलात. दारात फुलमती. हात जोडून, 'वेलकम सर, वेलकम मैम'. मले पाहून खरी हसली. ओळखीचं. बाजूले ओढून सांगितलं, कायम केलं, पगार वाढला, आईसाठी कंबल घेतलं, भावाची फी भरली. चालणं बदललं आहे तिचं. खांदे मागं.

झुंबराच्या उजेडात दिसलं. पावडरखाली ती पांढुरकी चूल अजून आहे. कोनातून पाहिलं की दिसते, समोरून नाही. तिले माहीत आहे का? असेलच. रोज तीच तर झाकते.

मले तिच्यासाठी आनंद व्हायले पाहिजे होता. थोडा झाला पण. मग वाटलं, हा आनंद पण मी माझ्यासाठीच वापरून राहिली. जेवण गेलं नाही. नितीन म्हणाला, तब्येत बरी नाही का? घरी येताना त्याले सगळं सांगितलं. तो म्हणाला, तू स्वतःले फार मोठं समजतेस, तू नसती तर दुसऱ्यानं काढलं असतं.

दुसऱ्यानं काढलंच असतं. हे ऐकून हलकं वाटायले पाहिजे ना? नाही वाटलं.

१४ डिसें., रवि.
थंडी चांगली पडली. दुपारी बाबा उन्हात पेपर घेऊन बसले होते, तनू केस वाळवून राहिली होती. फुलमतीचा फोन. सुट्टी घेऊन गावाले गेली आहे. मागं कोंबड्यांचा आवाज, बायांचा हसण्याचा आवाज.

म्हणाली, "दीदी, बदनीन आई है गाँव में. सामने बैठी है, काजल पीस रही है."

मी म्हटलं, बरं.

"छोटी का सात पूरा हो गया. मेरी छोटी बहन. इस साल उसकी बारी है."

मी फोन दुसऱ्या कानाले लावला.

"माँ मुझसे पूछ रही है, करवाएँ कि नहीं. बोलती है, तू शहर देख के आई है, तू जान. जो तू बोलेगी वो होगा." तिचा आवाज उतरला. "दीदी, मैं हाँ बोलूँगी तो उसको भी यहाँ-वहाँ कहीं काम नहीं मिलेगा. मैं मना करूँगी तो माँ... माँ ने मुझसे कभी कुछ पूछा नहीं, पहली बार पूछा है. मैं क्या बोलूँ?"

मी म्हटलं, छोटीले विचार.

"पूछा."

"काय म्हणते?"

"बोलती है, जो दीदी बोले." मग थोडं हसली, रडल्यासारखं. "और अभी दीदी आपसे पूछ रही है."

मी म्हटलं, थोडा वेळ दे, मी करते फोन. ती म्हणाली, जल्दी दीदी, सब बैठे हैं.

बाबांले सांगितलं. त्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला, अन् म्हणाले, "तू नको सांगू." मी म्हटलं, नाही सांगितलं तरी ते सांगितल्यासारखंच होईल बाबा, ती माझी वाट पाहून राहिली. ते म्हणाले, "हो, ते पण हाय." अन् पेपर उचलला, पण पान उलटलं नाही.

तनू केस तसेच ओले ठेवून माझ्याकडं पाहून राहिली. तिनं मराठीत विचारलं, कधी नाही ते. "आई, तू काय सांगशील?"

खोलीत आली, दार लावलं, हे लिहायले बसली. लिहून राहिली तेवढा वेळ फोन करावा लागत नाही. सात वर्षांची पोरगी तिथं मधात बसली असेल, सगळ्यांच्या तोंडाकडं पाहत. हो म्हटलं तर पायावर एक बाई बसेल. नाही म्हटलं तर

फोन येऊन राहिला. तिचाच.